साखर उकळा, फळ नको: पॅनकेकसाठी घरचं फळांचं सिरप

नाशिकरोडच्या एका ताईंनी विचारलंय: "मुलीला रविवारी पॅनकेक हवे असतात आणि बाजारातली सिरपची बाटली मला आणायची नाही. शनिवारी रात्री काळ्या द्राक्षांचा रस काढून साखर घालून उकळला. अर्ध्या तासाने बघितलं तर पाण्यासारखं पातळ. म्हणून अजून वीस मिनिटं उकळलं. सकाळी फ्रीजमधून काढलं तर बाटलीतून पडेना, रंग चॉकलेटी, चव मुरांब्यासारखी आणि तळाशी खडे. काय चुकलं? कॉर्नफ्लोअर घालून पटकन घट्ट करावं का? पंधरा-वीस मिनिटांत होईल असं काही सांगा."

ताई, तुम्ही ज्या क्षणी म्हणालात की हे पाण्यासारखं आहे, त्याच्या खूप आधी तुमचं सिरप तयार झालं होतं. गरम सिरप नेहमी पातळच दिसतं. उकळतं असताना ते दुधाइतकं पातळ असेल, तर थंड झाल्यावर त्याची गोडेतेलासारखी धार पडते आणि पॅनकेकवर तेवढीच धार हवी. गॅसवर असतानाच मधासारखं दिसायला लागलं, तर सकाळी ते बाटलीत बसणार हे नक्की.

ही चूक मी स्वतः केलेली आहे, तीही द्राक्षांचीच. गेली वीस वर्षं मी घरी सरबतं, जॅम, सिरपं करते, शिकवते. पण पहिल्या वर्षी ओझरहून नातेवाइकांनी पाठवलेली पाच किलो द्राक्षं मी मोठ्या पातेल्यात तासभर आटवत बसले होते. घरभर वास सुटला होता आणि मी खूश होते. वास घरभर सुटला म्हणजे तो पातेल्यात उरला नाही, हे तेव्हा कळलं नाही. सासूबाई आत आल्या, पातेल्यात डोकावल्या आणि म्हणाल्या, "गुलाबजाम करताना गुलाबजाम पाकासोबत आटवतेस का गं? पाक आधी होतो. मग त्यात जे घालायचं ते घालतात." त्या वाक्यावर मी आजपर्यंत काम करते आहे.

लोक फळाचं सिरप आटवतात याचं कारण, मला वाटतं, मेपल सिरप आहे. पॅनकेक म्हटलं की मेपल सिरप डोळ्यांपुढे येतं आणि ते आटवूनच करतात हे सगळ्यांनी कुठे ना कुठे पाहिलेलं असतं. पण तिथली गोष्ट वेगळी आहे. कॅनडात, मुख्यतः क्वेबेक प्रांतात, मेपलच्या झाडातून जो रस निघतो त्यात साखर जेमतेम दोन टक्क्यांच्या आसपास असते. एक लिटर सिरपसाठी साधारण ४० लिटर रस आटवावा लागतो आणि ६६ टक्के साखर झाली की थांबतात. मेपलची जी खास चव आहे ती बरीचशी त्या आटवण्यातूनच येते. फळाचं उलट आहे. द्राक्षाचा, स्ट्रॉबेरीचा, आंब्याचा वास हा उडून जाणारा वास आहे, तो आटवण्यात जातो. आणि आपल्याला साखर झाडातून काढायची नाही, ती डब्यात तयार आहे. मग रसातलं पाणी उडवून साखर वाढवायची कशाला? आधीच घट्ट पाक करा आणि रसाने तो पातळ करा.

आता प्रमाण. एक वाटी साखर, पाव वाटी पाणी, अर्धी वाटी फळाचा रस. वाटी कोणतीही घ्या, तिन्हीला तीच. वजनात सांगायचं तर २०० ग्रॅम साखर, ६० मिली पाणी, १२० मिली रस. सोबत अर्धं लिंबू आणि चिमूटभर मीठ. यातून साधारण पावणेतीनशे मिली सिरप होतं. चौघांच्या घरात दोन रविवार निघतात.

जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात साखर, पाणी आणि लिंबाचा एक चमचा रस घालून मध्यम आचेवर ठेवा. साखर विरघळेपर्यंत ढवळा, उकळी आली की ढवळणं थांबवा. पातेल्याच्या कडेला उडालेले साखरेचे कण ओल्या चमच्याने आत ओढून घ्या, कारण तेच कण पुढे बाटलीत साखर बसवतात. उकळी आल्यावर दोन मिनिटं, फार तर अडीच. थेंब बशीत काढून निवला की बोटांत धरा, जेमतेम एक तार येते. गॅस मंद करा आणि रस हळूहळू ओता. ओतताना चेहरा लांब ठेवा. पाक शंभराच्या वर तापलेला असतो, रस पडल्यावर तो एकदम उसळतो. मुलं शेजारी उभी असतील तर त्यांना आधी बाजूला करा. पाक जरासा गुठळी धरल्यासारखा वाटला तर घाबरू नका, मिनिटभरात विरघळतो. पुन्हा एक उकळी येऊ द्या, एकच, आणि गॅस बंद. वर आलेला फेस काढा, मीठ घाला, उरलेल्या लिंबाचा चमचाभर रस घाला. पाकाचं पाणी ठेवल्यापासून इथपर्यंत दहा-बारा मिनिटं. रस काढायला लागली ती पाच. तुमची वीस मिनिटं पुरतात.

लिंबू दोनदा का, हे सांगते. सुरुवातीचं लिंबू साखरेसाठी आहे. आंबटपणात उकळल्यावर साखरेचा थोडा भाग ग्लुकोज आणि फ्रुक्टोजमध्ये फुटतो आणि ते मिश्रण सहजासहजी खडे धरत नाही. आपल्याकडे पाक घट्ट बसू नये म्हणून लिंबू पिळतात ते याचसाठी. शेवटचं लिंबू फळासाठी आहे. त्याने चव वर येते आणि लाल-जांभळ्या फळांचा रंग उजळतो. काळं द्राक्ष, करवंद, जांभूळ, डाळिंब यांचा रंग आंबटात लाल होतो आणि क्षाराकडे झुकला की निळसर, मळकट दिसतो. तुमच्याकडे बोअरवेलचं जड पाणी असेल तर पाकाला प्यायचं फिल्टरचं पाणी घ्या, फरक डोळ्यांनी दिसेल. आणि ॲल्युमिनियमचं पातेलं नको, कल्हई नसलेलं पितळेचं तर मुळीच नको. फळाचा आंबटपणा धातूला धरतो, रंगही जातो आणि चवही. भांडीबाजारात जाड बुडाचं दीड लिटरचं स्टीलचं पातेलं मिळतं, एकदा घ्या आणि याच कामाला ठेवा.

वरच्या प्रमाणात साखर सगळी मिळून ६० टक्क्यांच्या आसपास येते. हा आकडा मी सहज निवडलेला नाही. २० अंश तापमानाला पाण्यात साखर जास्तीत जास्त ६७ टक्क्यांपर्यंत विरघळून राहते. फ्रीजच्या थंडीत ही मर्यादा ६४-६५ वर येते. त्याच्या वर आटवलेलं सिरप गरम असताना स्वच्छ दिसतं, पण फ्रीजमध्ये गेलं की जादा साखर जागा मागते आणि तळाशी बसते. म्हणून ६० ते ६२. तिथे धार येते, टिकतंही आणि खडेही होत नाहीत. तुमचं पन्नास मिनिटं उकळलेलं सिरप यापलीकडे गेलं होतं. शिवाय द्राक्षाच्या सालीत पेक्टिन असतं. पेक्टिन, आंबटपणा आणि ६० टक्क्यांच्या वर साखर हे तिघं एकत्र आले की जेली बसते. जॅम बसतो तो असाच. तुम्ही न ठरवता जॅम केलात.

रसातली साखर टक्क्यांत मोजणारा ब्रिक्स मीटर ओळखीत कुणाकडे असेल तर तो इथे फार उपयोगी आहे. पिंपळगाव, निफाड, दिंडोरीकडे बागायतदाराच्या खिशात तो असतोच. एक मणी चिरडून काचेवर थेंब टाकायचा आणि उजेडाकडे धरून साखर किती आली ते बघायचं. पण तो हातातला मीटर बहुधा ३२ पर्यंतच मोजतो, सिरप त्याच्या पलीकडचं. तेव्हा वजनकाट्यावर दहा ग्रॅम सिरप आणि दहा ग्रॅम पाणी मिसळा, निवल्यावर थेंब ठेवा आणि आलेला आकडा दुप्पट करा. ३० आला म्हणजे सिरप ६०. माझ्या वर्गात दिंडोरीच्या एक ताई यायच्या, त्यांच्या घरचा मीटर आणून आम्ही हे पहिल्यांदा केलं आणि त्या दिवसापासून माझे अंदाज सुधारले.

थर्मामीटर असेल तर एक गोष्ट लक्षात ठेवा. पुस्तकांतले आकडे समुद्रकाठचे असतात. नाशिक साधारण ६०० मीटर उंचीवर आहे, आपल्याकडे पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळतं. म्हणून छापलेल्या आकड्यातून दोन अंश वजा करा. जॅमसाठी १०४-१०५ लिहिलेलं असतं, ते नाशिकला १०२-१०३ होतं. ६० टक्क्यांचं सिरप आपल्याकडे १०१ च्या आसपास उकळतं. पुस्तकातल्या १०५ ची वाट बघत राहिलात तर सिरपचा जॅम होतोच.

आता फळं. द्राक्षांपासूनच सुरू करते, कारण तुमचा प्रश्न तिथला आहे आणि आपल्याकडे जानेवारी ते एप्रिल दुसरं काही सुचतही नाही. घडाची देखणी द्राक्षं सिरपला लागत नाहीत. घडातून सुटलेले मणी स्वस्त मिळतात, तेच घ्या, फक्त फुटलेले आणि आंबूस वासाचे निवडून टाका. लिटरभर पाण्यात चमचाभर खायचा सोडा घालून त्यात दहा-पंधरा मिनिटं बुडवा, मग दोन-तीन पाण्यांनी धुवा. मण्यावरची पांढरट लव ही फळाची स्वतःची मेणचट साय आहे, ती औषधाची खूण समजू नका, पण धुवायचं तर नक्कीच.

काळ्या द्राक्षाचा रंग सालीत असतो, गराचा रस जवळजवळ पांढराच. त्यामुळे कच्चा रस गाळून पाकात घातला तर सिरप फिकट गुलाबी होतं आणि मग लोक रंग यावा म्हणून उकळत बसतात. माझी पद्धत अशी: पाव किलो मणी मिक्सरला दोनदा फिरवून गाळून घ्यायचे, रस बाजूला. चाळणीतली सालं पाव वाटीपेक्षा थोड्या जास्त पाण्यात झाकण ठेवून मंद आचेवर पाच मिनिटं. गाळलं की गर्द जांभळं पाणी मिळतं. पाकासाठी जे पाव वाटी पाणी लागतं ते हेच. रंग सालीच्या पाण्यातून आला, वास कच्च्या रसातून, आणि उकळलं कुणालाच फार नाही. शरद किंवा जम्बो द्राक्षं घेतलीत तर बियांचा प्रश्न नाही. बियांची असतील तर मिक्सर नको, हाताने चिरडा, बी फुटलं की तुरट होतं. हिरव्या थॉम्पसनचं सिरप रंगाला नुसतं पिवळसर होतं, पण त्यात पुदिन्याची चार पानं गॅस बंद केल्यावर पाच मिनिटं ठेवून काढली तर मला ते काळ्यापेक्षा जास्त आवडतं.

आणि तुमचे ते खडे. ते सगळे साखरेचे नसावेत असा माझा अंदाज आहे. द्राक्षात टार्टारिक आम्ल असतं, थंडीत त्याचा पोटॅशियमशी बनलेला क्षार खड्यांसारखा तळाला बसतो. वाइन करणाऱ्यांना तो ओळखीचा आहे, टाक्यांच्या भिंतींवर त्याचे थर धरतात. स्वच्छ केला की तेच क्रीम ऑफ टार्टर, काही बेकिंग पावडरींमध्ये असतं ते. म्हणजे तुमच्या पॅनकेकमध्ये कदाचित ते आधीच होतं. ओळखायचं कसं? एक खडा जिभेवर ठेवा. साखर असेल तर गोड लागून विरघळेल, हा आंबटसर लागतो आणि वाळूसारखा कचकचतो. अपायकारक नाही. नको असेल तर रस रात्रभर फ्रीजमध्ये ठेवून सकाळी वरचा वरचा ओतून घ्या, खडे भांड्यातच राहतात.

स्ट्रॉबेरीचा रस काढायला पाणीच नको. सुरगाण्याकडून, वणी-सापुतारा रस्त्यावर डिसेंबरपासून मार्चपर्यंत जी मिळते ती छोटी, पूर्ण लाल झालेली घ्या. पांढऱ्या खांद्याची मोठी स्ट्रॉबेरी दिसायला छान, सिरपला पोकळ. दीडशे ग्रॅम चिरून त्यावर ठरलेल्या साखरेतली तीन चमचे साखर घालून अर्धा तास ठेवा, बशीत लाल रस साठतो. साखर फळातलं पाणी बाहेर ओढते. उरलेल्या साखरेचा पाक करून हे सगळं फोडींसकट त्यात, एक उकळी, बंद. फोडी राहू द्या किंवा गाळा. घाई असेल तर आदल्या रात्री चिरून फ्रीझरला टाका. गोठल्यावर फळाच्या पेशी फुटतात, सकाळी वितळलं की रस आपोआप सुटतो. स्ट्रॉबेरीचा रंग फार टिकत नाही, दोन आठवड्यांत विटकरी होतो, म्हणून याचं सिरप थोडंच करा.

मे महिन्यात त्र्यंबक रस्त्याला, पेठ-हरसूलकडे बायका द्रोणात करवंदं घेऊन बसतात. माझ्या मते पॅनकेकवर घालायला याच्याइतकं चांगलं आपल्या जिल्ह्यात दुसरं काही नाही. कुणी करत नाही याचं मला वाईट वाटतं. पूर्ण काळी, बोटाने दबणारी घ्या, हिरवट राहिलेल्यात चीक असतो. करवंद कच्चं वाटून चालत नाही, बिया कडवटपणा सोडतात. थोड्या पाण्यात पाच मिनिटं मऊ करा, चाळणीवर चमच्याने हलकेच दाबा, पिळून काढू नका. यात पेक्टिन भरपूर, आंबटपणाही भरपूर, म्हणजे जेली व्हायला ते टपलेलंच असतं. त्यामुळे लिंबू अजिबात नको आणि गर पाकात पडला की पहिल्या बुडबुड्याला गॅस बंद. तरीही बसलं तर दोन चमचे गरम पाणी घालून हलवा.

डाळिंबाचं एवढंच की दाणे मिक्सरला गरगर फिरवू नका. सटाणा-मालेगावकडचं भगवा डाळिंब रसाळ असतं. दाणे पिशवीत घालून लाटण्याने दाबले तरी रस निघतो, बी फुटत नाही. पांढरं पापुद्र्याचं साल आत गेलं की तुरट.

आंबा वेगळा, तो रस नसून गर आहे. अर्धी वाटी आमरसात तीन चमचे पाणी फेटून मग पाकात घाला, नाहीतर धार पडत नाही. उकळी फुटेपर्यंतही थांबू नका, कडेने वाफ दिसली की बंद. शिजलेल्या आंब्याचा वास वेगळा येतो, वड्यांना तो चालतो, सिरपला नाही. लिंबाऐवजी कैरीचा कीस पिळून दोन चमचे रस घातला तर अधिक छान. डब्यातला गोड आमरस वापरत असाल तर साखर दोन चमचे कमी.

संत्र्याचा रस उकळला की कडू होत जातो. साल किसणीवर हलकेच किसून, फक्त वरचा नारिंगी भाग, साखरेत बोटांनी चोळा आणि त्या साखरेचा पाक करा. वास सालीत आहे. रस अगदी शेवटी, गॅस बंद केल्यावर. सीताफळाला तर उष्णता मुळीच चालत नाही, गर तापला की कडू होतो. मी पाक कोमट होऊ देते, गर त्यात नुसता कालवते आणि तो त्याच सकाळी संपवते. उरला तर दुसऱ्या दिवशी खायला ठेवत नाही.

कॉर्नफ्लोअरचं विचारलंत. घालू नका असं मी म्हणेन. पाव चमचाही घातला तरी सिरप पारदर्शक राहत नाही, फळाचा रंग दुधाळ होतो, फ्रीजमध्ये त्याची खीर होते आणि दोन दिवसांनी कडेला पाणी सुटतं. बाजारातल्या बाटलीची जाडी बघून आपल्याला वाटतं की सिरप तसंच हवं. त्या बाटलीत बहुतेक वेळा जाडपणासाठी सेल्युलोज गमसारखा पदार्थ घातलेला असतो, साखरेने तेवढी जाडी येत नाही. तुम्हाला जाडी हवीच असेल तर फळातून आणा: गाळू नका, गर राहू द्या. किंवा दहा-बारा बेदाणे गरम पाण्यात भिजवून त्याच रसात वाटून घाला, गोडी आणि अंग दोन्ही येतं. हे द्राक्ष आणि संत्रं दोन्हीला जमतं.

रविवारी सकाळी काहीच केलेलं नसेल आणि मूल ताट घेऊन बसलं असेल तर घरातला फळांचा जॅम तीन चमचे, गरम पाणी दीड चमचा, लिंबाचे चार थेंब. छोट्या कढईत हलवा, दोन मिनिटांत काम होतं. किंवा काकवी. अर्धी वाटी काकवी कोमट करून त्यात तीन चमचे संत्र्याचा रस. आपल्या घावन-धिरड्यांवर काकवी पूर्वीपासून घालतातच, पॅनकेकला ती परकी नाही. गुळाचा पाक करून फळ घालायचं असेल तर केळं किंवा अननस घ्या. द्राक्ष-स्ट्रॉबेरीचा वास गूळ झाकून टाकतो.

साखर निम्मी केली तर चालेल का, हा पुढचा प्रश्न असतो, कारण तो दर वर्गात येतो. चालेल, पण मग ते सिरप राहत नाही, फळांचं सार होतं. धार पातळ, पॅनकेक लगेच शोषून घेतो आणि मऊ पडतो, आणि फ्रीजमध्येही चार दिवसांच्या वर ठेवू नये. इथे साखर फक्त गोडीसाठी नाही, ती टिकवण्याचं काम करते. मला विचाराल तर साखर तेवढीच ठेवा आणि ताटात कमी घाला. एका माणसाला दोन मोठे चमचे पुष्कळ झाले. मुलीला साखर कमी द्यायची असेल तर पॅनकेकच्या पिठात साखर घालू नका.

बाटली काचेची. पाण्यात बुडवून दहा मिनिटं उकळलेली आणि पूर्ण वाळलेली, झाकणासकट. सिरप गरम असतानाच भरा, बाटलीही गरम हवी नाहीतर तडकेल. फ्रीजमध्ये द्राक्ष, डाळिंब, करवंद तीन आठवडे. स्ट्रॉबेरी, आंबा दोन. बाहेर ठेवू नका, विशेषतः एप्रिल-मेमध्ये. चाटलेला चमचा आत गेला की आठवडाही टिकत नाही, म्हणून टेबलावर बाटली न नेता वाटीत काढून घ्या. झाकण उघडताना फुस्स झालं, बारीक बुडबुडे दिसले किंवा आंबूस वास आला तर पुन्हा उकळून वाचवायला जाऊ नका, टाकून द्या.

आणि वाढताना सिरप कोमट करा. गरम पॅनकेकवर फ्रीजचं थंडगार सिरप पडलं की ते एका जागी थिजतं आणि आपल्याला वाटतं अजून पातळ हवं होतं. वाटी दोन मिनिटं गरम पाण्यात ठेवली की पुरते.

तुमची ती बाटली अजून फ्रीजमध्ये असेल तर टाकू नका. आधी बाटली अर्धा तास बाहेर काढून ठेवा, मग कोमट पाण्याच्या पातेल्यात उभी करा, पाणी हळूहळू गरम करत न्या. ढिली झाली की सगळं वाटीने मोजून पातेल्यात काढा. जेवढं निघेल त्याच्या पाव भाग गरम पाणी घाला, मंद आचेवर विरघळू द्या. मग तेवढाच ताज्या द्राक्षांचा रस, एक उकळी, गॅस बंद, लिंबू. मलमलच्या ओल्या फडक्यातून गाळा, कचकचणारे खडे फडक्यात राहतील. चॉकलेटी रंग परत जांभळा होणार नाही, तो गेला. पण वास येईल, धार पडेल. त्यात चिमूटभर सुंठ घाला, रंगाला शोभते.